उसन्या मतांचा पक्ष



सर जॉन सायमन हे नाव आपल्या वाचकांना नव्याने सांगावयास नको. ज्या कमिशनला त्यांचे नाव चिकटले, त्यावर एकही भारतीय सभासद नव्हता, म्हणून काँग्रेसने त्यावर बहिष्कार घातला होता. बाबासाहेबांनी मात्र बहिष्कृत हितकारिणी सभेच्या वतीने त्या कमिशनला निवेदन सादर केले आणि २३ ऑक्टोबर १९२८ रोजी पुण्यात प्रत्यक्ष साक्षही दिली. सायमन यांची आपल्या इतिहासातील ओळख बहुधा येथेच संपते. परंतु ब्रिटनच्या राजकारणात त्यांची आणखी एक ओळख आहे आणि ती आपल्या वाचनात क्वचितच येते. पुण्यातील त्या साक्षीनंतर तीन वर्षांच्या आत या गृहस्थांनी आपला जुना लिबरल पक्ष फोडला आणि ‘लिबरल नॅशनल’ नावाचा नवा पक्ष उभा केला. मध्यममार्गाची भाषा बोलणारा आणि पावले उजवीकडे टाकणारा हा पक्ष पुढे जवळजवळ ३७ वर्षे कागदोपत्री जिवंत राहिला. त्याचे मंत्री झाले, खासदार झाले, आणि अखेरीस तो अशा रीतीने नाहीसा झाला की त्याच्या मृत्यूची दखल घ्यावी असेही फारसे कोणाला वाटले नाही.

या महिन्याच्या सदरासाठी हा जवळजवळ विस्मृतीत गेलेला पक्ष निवडण्यास एक कारण आहे. पक्ष फुटला की आपल्याकडची चर्चा ताबडतोब माणसांच्या चारित्र्यावर जाते. एका बाजूस तो गद्दार ठरतो, दुसऱ्या बाजूस बंडखोर. दोन्ही शब्द मनाला तात्पुरते समाधान देतात, पण त्यातून कळत काहीच नाही. फुटून बाहेर पडलेल्या गटाविषयी विचारावयाचा पहिला प्रश्न मला निराळा वाटतो. हा माणूस पुढची निवडणूक कोणाच्या मतांवर जिंकणार आहे? या एका प्रश्नाने सायमन यांच्या पक्षाचा सगळा जीवनक्रम उलगडतो. आणि हाच प्रश्न त्याच काळात, त्याच लंडन शहरात बाबासाहेब वेगळ्या संदर्भात ब्रिटिश सरकारपुढे मांडत होते.

प्रथम पार्श्वभूमी पाहू. एकेकाळी ब्रिटनवर राज्य करणारा लिबरल पक्ष १९१६ साली ॲस्क्विथ आणि लॉइड जॉर्ज यांच्या भांडणात दुभंगला. १९२३ मध्ये तो पुन्हा एकत्र आला, पण तोपर्यंत कामगारवर्गाने मजूर पक्षाची वाट धरली होती. १९२९ च्या निवडणुकीत लिबरल पक्षाला जवळजवळ एक चतुर्थांश मते मिळाली, जागा मात्र अवघ्या ५९. मजूर पक्षाला २८७ आणि हुजूर पक्षाला २६० जागा मिळाल्या. एका मतदारसंघात ज्याला सर्वाधिक मते तो विजयी, मग ती निम्म्याहून कितीही कमी असोत, अशी येथील पद्धत आहे. या पद्धतीत सर्वत्र थोडा थोडा असणारा पक्ष भरडला जातो. सर्वत्र दुसरा किंवा तिसरा येणाऱ्याला मते मिळतात, खुर्ची मिळत नाही.

बहुमत कोणालाच नव्हते. रॅम्से मॅक्डोनाल्ड यांचे मजूर सरकार लिबरलांच्या कृपेवर चालू राहिले. ते पाडावे की टिकवावे, हा लिबरल पक्षापुढचा रोजचा पेच झाला. लॉइड जॉर्ज यांचा कल ते टिकवून त्याच्याकडून काही पदरात पाडून घेण्याकडे होता. सायमन आणि त्यांच्या भोवतालच्या खासदारांना मजूर सरकार हेच मोठे संकट वाटत होते. अर्थमंत्री स्नोडेन यांनी १९३१ च्या अंदाजपत्रकात जमिनीच्या किमतीवर कर सुचविला, तो वादाचे निमित्त ठरला. जून १९३१ मध्ये सायमन यांनी पक्षाचा व्हिप नाकारला. अर्नेस्ट ब्राऊन आणि रॉबर्ट हचिसन हेही त्यांच्याबरोबर बाहेर पडले. लॉइड जॉर्ज यांनी भर सभागृहात सायमन यांच्यावर ढोंगीपणाचा जळजळीत आरोप केला. पण आरोपाने मते हलत नाहीत, आणि सायमन यांचे लक्ष मतांकडे होते.

ऑगस्टमध्ये आर्थिक अरिष्ट कोसळले. बेकारभत्त्यात १० टक्के कपात करण्याच्या प्रश्नावर मजूर मंत्रिमंडळ फुटले आणि २४ ऑगस्ट १९३१ रोजी मॅक्डोनाल्ड यांनी हुजूर आणि लिबरल नेत्यांना घेऊन ‘राष्ट्रीय सरकार’ बनविले. त्यानंतर दोनच आठवड्यांनी, ७ सप्टेंबरला, दुसरी गोलमेज परिषद सुरू झाली. बाबासाहेब तिचे सभासद होते. म्हणजे ब्रिटनमधील पक्षांची ही मोडतोड चालू असताना ते लंडनमध्येच होते आणि २७ ऑक्टोबरची सार्वत्रिक निवडणूक परिषदेच्या काळातच झाली.

या निवडणुकीपूर्वी, ऑक्टोबरच्या प्रारंभी, सायमन यांच्या गटाने लिबरल नॅशनल हे नाव धारण करून स्वतंत्र संघटनेचे रूप घेतले. त्यांच्या मागे लेस्ली होर-बेलीशा यांच्यासारखा उत्साही तरुण होता, आणि वॉल्टर रन्सिमन यांच्यासारखा अनुभवी व्यापारतज्ज्ञही पुढे त्यांच्याच गोटात आला. त्यांनी ४१ उमेदवार उभे केले आणि ३५ निवडून आले. वरवर पाहता हे यश थक्क करणारे आहे. दोनच वर्षांपूर्वी ज्या पक्षाचे शेकडो उमेदवार पराभूत झाले, त्याच पक्षातून फुटलेला चार महिन्यांचा गट ४१ पैकी ३५ जागा कशा जिंकतो?

उत्तर साधे आहे. या बहुतेक मतदारसंघांत हुजूर पक्षाने आपला उमेदवारच दिला नाही.

हे गणित नीट समजून घेण्यासारखे आहे. एखाद्या मतदारसंघात मजूर उमेदवारास १६ हजार, हुजूर उमेदवारास १५ हजार आणि लिबरल उमेदवारास १० हजार मते पडतात असे कल्पनेने समजा. तेथे लिबरल कायम तिसरा. आता हुजूर पक्षाने माघार घेतली, तर तोच लिबरल २५ हजारांच्या घरात जातो आणि सहज जिंकतो. पण त्या २५ हजारांत १५ हजार मते कोणाची? ती त्याला उसनी मिळाली आहेत. आणि उसनवारीची परतफेड कधीही मागता येते. पुढच्या खेपेस हुजूर पक्षाने नुसते सांगितले की, ‘आम्ही येथे उमेदवार देणार आहोत’, तर त्या खासदाराची खुर्ची गेलीच. प्रत्यक्ष उमेदवार द्यावाही लागत नाही, त्याची शक्यता पुरेशी असते.

हुजूर पक्ष हे औदार्य का दाखवीत होता? कॉर्नवॉल, वेल्स, स्कॉटलंड आणि उत्तरेकडील गिरण्यांची शहरे येथे पिढ्यान्‌पिढ्या लिबरल मत देणारी कुटुंबे होती. चर्च ऑफ इंग्लंडबाहेरच्या प्रार्थनामंदिरांशी जोडलेली ही माणसे हुजूर उमेदवाराच्या नावापुढे फुली मारण्यास बिचकत. ‘लिबरल’ हे नाव कपाळावर असलेला माणूस त्यांना परका वाटत नव्हता. त्याच्यामार्फत ती मते हुजूर बाजूस वळविता येत होती. शिवाय सरकार एका पक्षाचे नसून राष्ट्राचे आहे, हे दाखविण्यास अशा नावांची आरास उपयोगी होती. निवडणुकीत सरकार पक्षाला एकूण ५५४ जागा मिळाल्या, त्यांपैकी सुमारे ४७० एकट्या हुजूर पक्षाच्या. मजूर पक्ष ५२ वर येऊन आदळला. एवढ्या बहुमताला ३५ जणांची संख्या म्हणून गरज नव्हती. गरज होती ती त्यांच्या नावाची.

येथून पुढे किंमत चुकती करण्याचा अध्याय सुरू होतो. लिबरल पक्षाच्या श्रद्धास्थानी एक गोष्ट होती, ती म्हणजे खुला व्यापार. बाहेरून येणाऱ्या धान्यावर जकात बसली की गरिबाची भाकरी महाग होते, या विचारावर १८४६ पासून पिढ्या वाढल्या होत्या. हुजूर पक्षाला मात्र जकात हवी होती. फेब्रुवारी १९३२ मध्ये नेव्हिल चेंबरलेन यांनी आयातीवर सरसकट १० टक्के जकातीचा कायदा आणला. व्यापारमंत्री होते रन्सिमन, म्हणजे आयुष्यभर खुल्या व्यापाराचे पाठीराखे राहिलेले लिबरल नॅशनल. त्यांनी आणि सायमन यांनी जकातीला साथ दिली.

सरकारात आणखीही एक लिबरल गट होता. हर्बर्ट सॅम्युएल यांच्या नेतृत्वाखालील हे मूळ पक्षाचे लोक. त्यांच्या ३३ जागा होत्या, म्हणजे सायमन गटाहून दोनच कमी. त्यांनी जकातीला विरोध केला. मंत्रिमंडळात राहूनच विरोध करण्याची मुभा देणारी एक विलक्षण तडजोड जानेवारी १९३२ मध्ये झाली, आणि सॅम्युएल यांनी मंत्री असतानाही सभागृहात त्या कायद्याविरुद्ध भाषण केले. पण त्या उन्हाळ्यात ओटावा येथे साम्राज्यातील देशांशी जकातीचे करार झाले, तेव्हा ही कसरतही अशक्य झाली. २८ सप्टेंबर १९३२ रोजी सॅम्युएल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी राजीनामे दिले. सायमन गट जागचा हलला नाही. जातील कसे? सॅम्युएल यांच्या लोकांपैकी अनेकांना १९३१ मध्ये हुजूर उमेदवारांशीही लढावे लागले होते, त्यांच्या पायाशी थोडी तरी स्वतःची जमीन होती. सायमन यांच्या लोकांची जमीन दुसऱ्याच्या मालकीची होती.

आता त्या आठवड्याचे पंचांग आपल्या डोळ्यांसमोर आणा. सॅम्युएल यांचा राजीनामा २८ सप्टेंबरचा. त्याच्या चारच दिवस आधी, २४ सप्टेंबर १९३२ रोजी, पुणे करारावर सह्या झाल्या होत्या, आणि २६ सप्टेंबरला ब्रिटिश सरकारने तो मान्य केला होता. त्या सरकारात परराष्ट्रमंत्री होते सर जॉन सायमन.

या दोन घटना शेजारी ठेवण्याचा उद्देश केवळ तारखांची गंमत दाखविण्याचा नाही. दोन्हींच्या मुळाशी एकच प्रश्न आहे. जो प्रतिनिधी आपल्या लोकांच्या नावाने बसतो पण दुसऱ्यांच्या मतांनी निवडून येतो, तो कोणाचा प्रतिनिधी? सायमन कमिशनच्या १९३० च्या अहवालाने अस्पृश्यांना संयुक्त मतदारसंघात राखीव जागा देऊ केल्या होत्या, पण एक अट घालून. उमेदवार लायक असल्याचे गव्हर्नराने प्रमाणित केले पाहिजे. म्हणजे आमचा प्रतिनिधी कोण असावा हे आधी तिसराच कोणीतरी ठरविणार. बाबासाहेबांनी या कल्पनेला विरोध केला. दैवाचा खेळ असा की, अस्पृश्यांच्या उमेदवारासाठी दुसऱ्याच्या प्रमाणपत्राची अट सुचविणाऱ्या त्याच सायमन यांचे स्वतःचे उमेदवार पुढच्याच वर्षी हुजूर पक्षाच्या अलिखित प्रमाणपत्रावर निवडणूक लढवू लागले.

१९२८ मध्ये बाबासाहेबांनी प्रौढ मताधिकार मिळत असेल तर राखीव जागांसह संयुक्त मतदारसंघ स्वीकारण्याची तयारी दाखविली होती, तो मिळणार नसेल तर विभक्त मतदारसंघ मागितला होता. गोलमेज परिषदेपर्यंत त्यांची मागणी विभक्त मतदारसंघाची झाली आणि १९३२ च्या ऑगस्टमधील जातीय निवाड्याने ती मान्य केली. पुढे गांधीजींच्या उपोषणाच्या दडपणाखाली झालेल्या करारात जागांची संख्या वाढून १४८ झाली, पण अंतिम निवड सर्वसाधारण मतदारांच्या हाती गेली. प्राथमिक फेरीत अस्पृश्य मतदारांनी चार उमेदवार निवडावयाचे आणि त्या चौघांतून एकाला सर्वांनी मिळून पसंत करावयाचे, अशी ती रचना होती. बहुसंख्य मतदार सवर्ण असताना ते चौघांतून कोणाला उचलतील, हे सांगण्यास ज्योतिषी लागत नाही. १९४६ च्या निवडणुकीत हे दिसून आले. शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनने प्राथमिक फेरीत अनेक ठिकाणी चांगली मते घेतली, पण अखेर तिच्या हाती फारच थोड्या जागा लागल्या. १९४५ च्या आपल्या ग्रंथात बाबासाहेबांनी या व्यवस्थेची जी चिकित्सा केली, ती आपल्यापैकी अनेकांनी वाचलेली आहे.

येथे एक भेद स्पष्ट करणे माझे कर्तव्य समजतो, नाहीतर तुलना अन्यायाची होईल. सायमन आणि त्यांचे सहकारी सुस्थितीतील वकील, व्यापारी आणि मुरब्बी राजकारणी होते. त्यांनी उसनी मते स्वेच्छेने घेतली आणि त्या बदल्यात मंत्रिपदे भोगली. अस्पृश्य समाजावर मात्र ती रचना लादली गेली, आणि ती स्वीकारताना एका माणसाच्या प्राणांचे व देशभरातील असहाय वस्त्यांच्या सुरक्षिततेचे ओझे बाबासाहेबांच्या डोक्यावर होते. एकाने बेडीला दागिना मानले, दुसऱ्याने बेडीला बेडीच म्हटले आणि तसे शेवटपर्यंत लिहून ठेवले. यंत्रणा सारखी असली तरी माणसे सारखी ठरत नाहीत.

पुन्हा लिबरल नॅशनल पक्षाकडे येऊ. १९३५ च्या निवडणुकीत त्यांना ३३ जागा मिळाल्या, मूळ लिबरलांना २१, आणि सॅम्युएल स्वतः पराभूत झाले. जगाच्या हिशेबात सायमन यांचा डाव योग्य ठरला होता. तरी स्पेन व्हॅली या आपल्या मतदारसंघात स्वतः सायमन ६४२ मतांनी कसेबसे तरले. हुजूर पक्षाचा उमेदवार उभा नसताना ही स्थिती. तो असता तर काय झाले असते, हे सायमन यांना कोणी समजावून सांगण्याची गरज नव्हती. परराष्ट्रमंत्री, गृहमंत्री, अर्थमंत्री अशी पदे त्यांना लाभत गेली. पण त्या सबंध काळात लिबरल नॅशनल पक्षाने आपल्या बळावर हुजूर पक्षाकडून एखादे मोठे धोरण बदलून घेतले, असे उदाहरण मला तरी सापडत नाही.

१९४५ मध्ये मजूर पक्षाच्या लाटेत त्यांचे ११ जण उरले. पक्षाचे नेते अर्नेस्ट ब्राऊन स्वतः पडले. मग १९४७ च्या मे महिन्यात हुजूर पक्षाचे अध्यक्ष लॉर्ड वूल्टन आणि लिबरल नॅशनलचे लॉर्ड टेव्हियट यांच्यात करार झाला. मतदारसंघाच्या पातळीवरील दोन्ही पक्षांच्या शाखा एकत्र कराव्यात, असे त्यात ठरले. माझ्या मते हा पक्ष खऱ्या अर्थाने संपला तो याच दिवशी. खासदार, नाव, पत्रव्यवहाराचा कागद हे सारे पुढे वीस वर्षे टिकले. पण गावातली शाखा, वर्गणी गोळा करणारा कार्यकर्ता आणि उमेदवार निवडणारी बैठक या गोष्टी एकदा दुसऱ्याच्या घरात गेल्या की नाही म्हणण्यासाठी पक्षाकडे तोंडच उरत नाही. पुढच्या वर्षी त्यांनी नाव उलटे करून ‘नॅशनल लिबरल’ असे ठेवले. १९५१ मध्ये या नावाखाली १९ खासदार निवडून आले. १९५९ मध्ये मायकेल हेसेल्टाइन नावाचा तरुण वेल्समधील गॉवर येथून याच जोडनावाने उभा राहिला आणि पडला. १९६६ मध्ये जॉन नॉट सेंट आइव्हज येथून निवडून आले. दोघेही पुढे थॅचरबाईंच्या मंत्रिमंडळात चमकले. त्यांना लिबरल म्हणून आज कोणी ओळखत नाही. १९६८ मध्ये पक्ष औपचारिकरीत्या विसर्जित झाला.

आता मूळ लिबरलांचे काय झाले ते पाहू, कारण त्याशिवाय धडा अपुरा राहतो. १९५१ मध्ये त्यांचे फक्त ६ खासदार उरले. आणि येथे एक अडचणीची गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. त्या सहांपैकी पाच जणांच्या मतदारसंघांतही हुजूर पक्षाने उमेदवार दिलेला नव्हता. तिरंगी लढत जिंकून आले ते ऑर्क्नी आणि शेटलंडचे जो ग्रिमंड एकटे. म्हणजे उसनी मते त्यांच्याकडेही होतीच. त्या वर्षी पंतप्रधान झालेल्या चर्चिल यांनी लिबरल नेते क्लेमेंट डेव्हिस यांना शिक्षणमंत्रिपद देऊ केले. सहा खासदारांच्या पक्षाला याहून मोठे आमिष कोणते? पण पक्षाशी सल्लामसलत करून डेव्हिस यांनी ते नाकारले. त्या नकारामुळे पक्ष लगेच वाढला नाही. पण त्याच्या शाखा त्याच्याच राहिल्या. १९६२ मध्ये ऑर्पिंग्टनच्या पोटनिवडणुकीत त्यांनी हुजूर पक्षाकडून जागा हिसकावून घेतली. पुढे १९८८ मध्ये सोशल डेमोक्रॅट्सशी विलीन होऊन आजचा लिबरल डेमोक्रॅट पक्ष झाला आणि जुलै २०२४ च्या निवडणुकीत त्याला ७२ जागा मिळाल्या. १९५१ मध्ये १९ विरुद्ध ६ असा असलेला हिशेब आज शून्य विरुद्ध ७२ असा आहे.

कोणी म्हणेल, हे सारे मागाहून सुचलेले शहाणपण आहे. लहान पक्षाने आघाडी केली नाही तर तो मरतो. आक्षेप वाजवी आहे. फेब्रुवारी २०१९ मध्ये मजूर आणि हुजूर या दोन्ही पक्षांतून बाहेर पडलेल्या एकूण ११ खासदारांचे उदाहरण ताजे आहे. कोणाच्याही मतांचा आधार नसलेल्या त्या अकरांपैकी डिसेंबरच्या निवडणुकीत एकही परत आला नाही. शिवाय लिबरल नॅशनल मंत्र्यांनी काहीच केले नाही असेही नाही. आपण रोज ज्या काळ्यापांढऱ्या पट्ट्यांच्या खांबांवरील पिवळ्या गोळ्यांच्या दिव्यांपाशी रस्ता ओलांडतो, ते बेलीशा यांनी वाहतूकमंत्री असताना, १९३४ साली आणले आणि आजही त्यांच्याच नावाने ओळखले जातात. पण पक्षाने मागे काय ठेवले, याच्या उत्तरात रस्ता ओलांडण्याचा दिवा सांगावा लागावा, यातच पुष्कळ काही आले.

माझ्या व्यवसायात याला समांतर गोष्ट आहे. एखाद्या मुक्त सॉफ्टवेअरची प्रत घेऊन काही लोक वेगळी वाट धरतात, त्याला आम्ही फोर्क म्हणतो. फोर्क करणे एका दिवसाचे काम आहे. तो जगतो की नाही, हे नवे नाव किती आकर्षक आहे यावर ठरत नाही. त्याच्याकडे दुरुस्त्या करणारी स्वतःची माणसे आहेत का, आणि मूळ प्रकल्पाने उद्या दार बंद केले तर तो चालेल का, यावर ठरते. दुसऱ्याच्या कोडचा उपयोग सगळेच करतात, त्यात कमीपणा नाही. चालविणारी माणसेही दुसऱ्याचीच असतील, तर तो वेगळा प्रकल्प उरत नाही.

तेव्हा उसनी मते घेणे हे पाप नव्हे. कोणती मते आपली आणि कोणती उसनी, याचा हिशेब ठेवणे बंद होते तेव्हा ऱ्हास सुरू होतो. फुटलेल्या किंवा आघाडीत गेलेल्या पक्षाला तीन प्रश्न विचारावेत. त्याच्या स्थानिक शाखा त्याच्याच आहेत काय? असा एक तरी विषय आहे काय, ज्यासाठी तो खुर्ची सोडील? आणि मित्रपक्षाने उद्या उमेदवार उभा केला, तर त्याच्याजवळ स्वतःची किती मते आहेत हे त्याला ठाऊक आहे काय? सायमन यांच्या पक्षाला या तिन्ही प्रश्नांची उत्तरे देता आली नसती.

हे प्रश्न आपल्या घरालाही लागू पडतात. १९९८ च्या लोकसभा निवडणुकीत महाराष्ट्रातून रिपब्लिकन चळवळीचे चार नेते निवडून आले. अकोल्यातून प्रकाश आंबेडकर, अमरावतीतून रा. सू. गवई, चिमूरमधून जोगेंद्र कवाडे आणि मुंबई उत्तर-मध्यमधून रामदास आठवले. चारही मतदारसंघ राखीव नव्हते. आपल्या पिढीने त्या दिवशी पेढे वाटलेले पाहिले आहेत, आणि तो आनंद खोटा नव्हता. परंतु त्या विजयात आपली मते किती आणि काँग्रेससोबतच्या आघाडीची किती, हा हिशेब त्या आनंदात कोणी मांडला? पुढच्याच वर्षी काँग्रेस फुटून राष्ट्रवादी काँग्रेस जन्माला आली, आणि आपलेही नेते वेगवेगळ्या बाजूंना जाऊन उभे राहिले. फूट दुसऱ्याच्या घरात पडली आणि भिंत आपल्या घराची चिरली. मुळे कोठे गुंतली होती, ते त्यावरून दिसते. कोणा एका नेत्यास दोष देण्यासाठी मी हे लिहीत नाही. जागा जिंकणे आणि स्वतःची शक्ती उभारणे ही दोन वेगळी कामे आहेत, एवढेच सांगावयाचे आहे.

या देशातही आपला एक प्रश्न वर्षानुवर्षे लोंबकळत पडला आहे. समानता कायद्यात जातीचा समावेश करण्याची तरतूद २०१३ मध्ये झाली, ती हाऊस ऑफ लॉर्ड्सने आग्रह धरला म्हणून. निवडून आलेल्या सभागृहाने आधी ती फेटाळली होती. २०१८ मध्ये सरकारने ती अमलात आणण्याऐवजी रद्द करण्याचा इरादा जाहीर केला. ज्यांना मते मागावयाची नसतात त्या उमरावांनी आपली बाजू घ्यावी आणि ज्यांना मते हवी असतात त्यांनी ती टाळावी, याचा अर्थ उघड आहे. आपली मते त्यांच्या हिशेबातच नव्हती.

ती हिशेबात यावीत यासाठी करण्यासारखी पहिली गोष्ट अगदी साधी आहे. येथे कायदेशीर वास्तव्यास असलेल्या राष्ट्रकुल देशांच्या प्रौढ नागरिकांना पार्लमेंटच्या निवडणुकीत मतदान करता येते, आणि भारत राष्ट्रकुलात आहे. त्यासाठी ब्रिटिश पासपोर्टची वाट पाहावी लागत नाही. नोकरीनिमित्त नुकत्याच आलेल्या आपल्या अनेक तरुण कुटुंबांना हे माहीतच नसते. आपल्या विहारात पुढच्या वेळी वंदनेनंतर चहा होईल, तेव्हा शेजारी बसलेल्याला एवढेच विचारा की मतदार यादीत नाव घातले आहे काय. कोणत्या पक्षाला मत द्यावे हे मी सांगणार नाही, ते ज्याचे त्याने ठरवावे. पण आपल्यापैकी कोणी कौन्सिलच्या निवडणुकीस उभा राहिला आणि कोणत्याही पक्षाने त्याला जवळ केले, तर त्या वॉर्डात आपली स्वतःची मते किती, ते त्याला आणि त्या पक्षाला दोघांनाही नेमके ठाऊक असले पाहिजे. त्या आकड्याच्या बळावरच त्याला एखाद्या दिवशी ‘नाही’ म्हणता येईल.

जयभीम. नमो बुद्धाय.